इंदूरच्या कोर्टाने दिलेली मुदत

आमचं घर जाऊन आता दीड वर्ष होत आलं. कसं गेलं असं कोणी विचारलं की माझा मुलगा सांगतो, बँकेने खाल्लं. बँकेने काही खाल्लं नाही. दिलेले पैसे बँकेने परत घेतले, एवढंच. ज्या दिवशी घर विकून, बँकेचं देणं फेडून आमच्या हातात चार पैसे उरत होते त्या दिवशी आम्ही ते विकलं नाही. विकलं नाही, कारण कोर्ट आमच्यावर मेहरबान झालं होतं. मी चौथीपर्यंत शिकलेली बाई आहे, कायदा मला कळत नाही. पण जे माझ्यासमोर झालं ते मला कळलं, आणि आमच्या घरात ते कोणी सरळ सांगत नाही, म्हणून मी लिहिते आहे.

घर उज्जैनला फ्रीगंजात होतं, टावर चौकापासून चालत दहा मिनिटांवर. आमचे हे बँकेत दफ्तरी होते. दफ्तरी म्हणजे साहेब नाही आणि कारकूनही नाही. कागद ठेवायचे, मागितले की काढून द्यायचे, आलेलं टपाल फोडायचं, जाणारं टपाल चिकटवून पाठवायचं. छत्तीस वर्षं त्यांनी हेच केलं. लोकांच्या घरांचे कागद लोखंडी कपाटात ठेवायचे आणि कर्ज फिटलं की झटकून परत द्यायचे. त्या कपाटाचा त्यांना फार अभिमान होता. जागा त्यांनी माझ्या नावावर घेतली, कारण आपण आधी जाणार असा त्यांचा हिशेब होता. तो हिशेब बरोबर निघाला.

मुलाचं टावर चौकात शाळेच्या गणवेशाचं दुकान होतं, भाड्याचं. बरं चालायचं. मग महाकालाच्या देवळाभोवती नवं बांधकाम झालं आणि शहरात यात्रेकरूंचा पूर आला. आमच्या गल्लीत एकेका घरावर पाट्या चढल्या, होम स्टे म्हणून. ज्यांच्या घरात पाहुणा आला तर गादी नव्हती तेही खोल्या भाड्याने देऊ लागले. मुलाच्या डोक्यात आलं की आपल्या घरावर आणखी दोन मजले चढवू, आठ खोल्या काढू, स्टेशन जवळ आहे, माणूस सामान घेऊन पायी येईल. ह्यांच्याच बँकेने पस्तीस लाख दिले, माझं घर गहाण ठेवून. मी जमानतदार म्हणून सही केली. आता मी शहाणपण सांगते आहे असं वाटेल, पण तेव्हा मीही नको म्हटलं नाही. रोज आठातल्या चार खोल्या भरल्या तरी काय मिळेल हे मी पोळ्या लाटताना मनात मोजत असे.

नकाशा दोन मजल्यांचा पास झाला होता, मुलाने तिसरा चढवला. ठेकेदार म्हणाला, सगळेच चढवतात. सगळे चढवत असतील, पण परवाना आमचा अडकला. खोल्या तयार, न्हाणीघरात नळ नाहीत, परवाना नाही, आणि हप्ता चालू. वर्षभर मुलाने दुकानातून हप्ता भरला. मग दुकानात माल भरायला पैसे उरेनात. मग हप्ता थांबला.

पहिली नोटीस रजिस्टर टपालाने आली. ह्यांनी चष्मा लावला, कागद पुढून मागून पाहिला, पाकीटसुद्धा उलटं करून पाहिलं.

"तिकीट वाकडं लावलंय," म्हणाले. "आमच्या वेळी असं चालायचं नाही."

मुलगा घाबरला होता. त्याला म्हणाले, "अरे, ह्या मी हजारो पाठवल्यात. माझ्या हाताने. नोटीस जाते, मग दावा लागतो, मग तारखा पडतात, दहा वर्षं जातात. तोवर माणूस थोडं थोडं भरतो, साहेब बदलतो, सगळं जागेवर येतं."

मी विचारलं, "ह्यात साठ दिवस लिहिलेत. साठ दिवसांनी काय होतं?"

"काय होणार? एकसष्टावा दिवस उजाडतो."

आम्ही हसलो. मीही हसले. त्यांनी नोटिशीला भोकं पाडली, एक फाईल केली, वर आकडा घातला आणि कपाटात ठेवली. अशा तीन नोटिशी त्यांनी लावल्या. एकीलाही उत्तर दिलं नाही, कारण त्यांनी पाठवलेल्या नोटिशींना कोणी कधी उत्तर दिलेलं त्यांनी पाहिलं नव्हतं. ते निवृत्त झाल्यानंतरच्या वर्षांत कायदा पार बदलला होता. बँकेला आता घर घ्यायला दावा लावावा लागत नाही. हे त्यांना ठाऊक नव्हतं, आणि बँकेतल्या माणसाला बँकेबद्दल विचारायला बाहेर कुठे जायचं, असं आम्हांला वाटत राहिलं.

त्या हिवाळ्यात ते गेले. दुपारी जेवून आडवे झाले ते उठले नाहीत. तेरावं झालं आणि आठवड्याने बँकेची तीन माणसं आली. त्यांनी दारावर कागद चिकटवला, फोटो काढला आणि गेली. आत कोणी आलं नाही. हा नुसता सांगण्यापुरता ताबा असतो, घरात आपणच राहतो. दोन पेपरांत नोटीस छापून आली, माझ्या नावासकट. मी ती वाचायच्या आधी दूधवाल्याने वाचली होती. त्या दिवशी त्याने महिन्याचे पैसे मागितले, वीस तारखेलाच.

मी एकटी बँकेत गेले. मॅनेजर तरुण होता. ह्यांना त्याने पाहिलेलं नव्हतं, पण नाव ऐकून उठून उभा राहिला, पाणी मागवलं. म्हणाला, "माताजी, साफ बात करूँ? त्रेचाळीस लाख होतात. तीन महिन्यांत एकरकमी भरलं तर मी वरून चाळीसपर्यंत मंजुरी आणतो. घर स्वतः विका. आम्ही विकलं तर भाव येत नाही." हे तो हिंदीत बोलला, पण इतकं स्वच्छ बोलला की माझ्या डोक्यात ते मराठीतच राहिलं आहे.

आणि गिऱ्हाईक भिंतीपलीकडेच होतं. बगलेत शेवेचा व्यापारी राहतो, त्याची भट्टी मागे आहे. त्याला जागा हवीच होती. एका संध्याकाळी अर्धा किलो लसूण शेव घेऊन आला, खुर्चीवर न बसता पायरीवर बसला.

"काकीजी, बासठ दूँगा. बँकेचं बँकेला, उरलेलं आपके हाथ में. तिसरा माला तोड़ना पड़ेगा तो वो मेरा सिरदर्द."

बासष्टातून चाळीस गेले की बावीस उरतात. देवास रोडच्या बाजूला दोन खोल्यांचा फ्लॅट तेवढ्यात येत होता, थोडे वर उरलेही असते. मी त्याला हो म्हणून टाकलं. रात्री मुलाला सांगितलं तेव्हा त्याने ताट सरकवलं.

"बाबांना जाऊन महिना झाला नाही आणि तू घर विकायला निघालीस?"

"घर बाबांनी बांधलं. बँकेत तू ठेवलंस. मी फक्त सोडवते आहे."

"विकून सोडवणं म्हणजे काय सोडवणं?"

"मग तू सांग कसं सोडवायचं."

त्याने सांगितलं. त्याच्या मित्राच्या ओळखीने इंदूरला एक वकील मिळाला होता. मोठ्या कोर्टात अर्ज करायचा, कोर्ट ताबा थांबवतं, हप्ते पाडून देतं. तोवर परवाना येईल, खोल्या सुरू होतील. माझी सून एका खाजगी शाळेत शिकवते. तिने त्याचं ताट पुन्हा त्याच्यापुढे केलं.

वकील रविवारी घरी आला. शिंपी कापडाकडे बघतो तसा त्याने मला वरपासून खालपर्यंत पाहिलं.

"माताजी की उम्र?"

"पंचाहत्तर," मुलगा म्हणाला.

"घर इनके नाम? विधवा? दूसरा मकान नहीं?" प्रत्येक उत्तराला तो मान हलवत होता, जणू आम्ही एकेक चांगली वस्तू काढून दाखवत होतो. "बस. पेशी पर माताजी को साथ लाइए. साधी साडी. और काठी हो तो काठी."

मी काठी वापरत नाही. मुलाने ह्यांची काठी बरोबर घेतली.

पेशी म्हणजे तारीख. सकाळच्या बसने गेलो, दुपारी आमचा नंबर लागला. वकील इंग्रजीत बोलला. माझ्याकडे हात केला, तेव्हा मला कळलं की आता मी चालू आहे. बँकेचा वकील काही म्हणू लागला. जजसाहेबांनी त्याला हाताने थांबवलं आणि माझ्याकडे पाहून हिंदीत विचारलं.

"अम्मा, समय दे दें तो पैसा भर देंगे?"

सगळे माझ्याकडे बघत होते. मुलगा माझ्या मागे उभा होता, त्याचा श्वास मला मानेवर लागत होता. दुकानात माल नव्हता हे मला माहीत होतं. सुनेच्या पगारात घर कसंबसं चालत होतं हेही माहीत होतं. मी आयुष्यात कोणाकडून साखर उसनी आणली तरी कधी देईन ते सांगूनच आणली.

मी म्हटलं, "भर देंगे, साहब."

त्यांनी हुकूम दिला. चार आठवड्यांत आठ लाख भरा, बाकीचे सहा हप्त्यांत. तोवर घराला हात लावायचा नाही. दहा मिनिटंसुद्धा लागली नाहीत. तो माणूस वाईट नव्हता. पांढऱ्या केसांची बाई पाहिली, त्याला कोणीतरी आठवलं असेल. त्याने ताबा थांबवला. व्याज त्याने थांबवलं नाही, ते त्याच्या हातातही नसावं. ही एवढी गोष्ट त्या दिवशी आमच्यातल्या कोणाच्याही डोक्यात आली नाही.

बाहेर मुलगा माझ्या पाया पडला, मग वकिलाच्याही पडला. उज्जैनला उतरून त्याने पाव किलो पेढे घेतले. घरी सुनेने पेढा हातात घेतला आणि विचारलं, "आई, भरणार कुठून?" त्या सगळ्या दोन वर्षांत कामाचा प्रश्न तेवढाच विचारला गेला. तिने पेढा खाल्ला.

आठ लाख भरले. माझ्या पाटल्या गेल्या, गोठ गेले, सुनेचं माहेरचं सगळं गेलं, दुकान सोडून त्याची पगडी घेतली. उरलेले सुनेच्या भावाने दिले. त्याने दिले आणि त्यानंतर तो आमच्याकडे येईनासा झाला. शेववाल्याला मी म्हटलं, आता थोडं हलकं झालंय, तुमचं बोलणं पक्कं करू. तो म्हणाला, "काकीजी, अब तो मामला कोर्ट में है. मेरे वकील ने मना किया. निपट जाए तो बताना." मॅनेजरने चाळिसाची मंजुरी आणली होती ती तशीच वाया गेली. तीन महिने उलटले होते, आणि आता तो म्हणाला, "आप तो कोर्ट चले गए, माताजी. अब मैं क्या बोलूँ." त्याने त्याही दिवशी पाणी मागवलं.

पुढच्या महिन्यांत मी माझ्या मुलाकडे बघत होते. मला वाटलं होतं मुदत मिळाली तर तो धावाधाव करेल. तो बसला. रात्री झोपू लागला, पोट सुटलं. गल्लीत लोकांना कोर्टाचा हुकूम मोबाईलवर दाखवायचा. पहिल्या हप्त्याची तारीख आली आणि गेली. त्याच सुमाराला त्याने वरच्या खोल्यांना रंग दिला आणि उधारीवर दोन गीझर आणले.

मी म्हटलं, "नळ नाहीत, गीझर कशाला?"

"नळ येतील. गिऱ्हाईक गरम पाणी विचारतं."

"कोणतं गिऱ्हाईक?"

"आई, तुला प्रत्येक गोष्टीत अपशकुनच करायचा असतो."

दुसऱ्या हप्त्याची तारीखही गेली. वकील म्हणाला घाबरू नका, मुदत वाढवून घेऊ, कोर्ट एकदा दया करतं तेव्हा दुसऱ्यांदाही करतं. एक कागद आला, इंग्रजीत. मुलाने बोट ठेवलं तिथे मी सही केली. मुदत वाढून मिळाली, दोन महिने. ह्या वेळी पेढे आणले नाहीत. आता त्याची सवय झाली होती.

काही दिवसांनी सुनेच्या हाती त्या कागदाची नकल लागली. ती इंग्रजी वाचते. मी स्टुलावर उभी राहून दोरीवर चादर टाकत होते.

"आई, खाली या."

"का?"

"ह्यात लिहिलंय तुमचं कमरेचं ऑपरेशन झालं. तुम्ही अंथरुणाला खिळून आहात."

"मग पोळ्या कोण करतंय?"

तिला हसू आलं, आणि हसता हसता ती रडू लागली. मी स्टुलावरून उतरले. मुलाला विचारलं तर म्हणाला, सगळेच असं लिहितात, ही कोर्टाची भाषा असते. मी म्हटलं, सही माझी आहे. तो म्हणाला, घरही तुझंच आहे.

दोन महिने गेले. एक पैसा भरला नाही. मग बँकच कोर्टात गेली, की ह्या लोकांना दोनदा सवलत दिली, त्यांनी पाळली नाही, आता आमचा हात सोडा. वकिलाने मला पुन्हा बोलावलं. कोर्टाच्या फाटकाशी चाकांची खुर्ची तयार होती, वकिलाचा मुंशी ती धरून उभा होता.

"बैठिए, माताजी."

"मला काय झालंय?"

"कागज में ऑपरेशन है," वकील हळू आवाजात म्हणाला. "आप चलकर जाएँगी तो मैं क्या जवाब दूँगा?"

"ते तुम्ही लिहिताना बघायचं होतं."

मुलगा म्हणाला, "आई, दहा मिनिटं बस. दहा मिनिटांचा प्रश्न आहे." त्याचे ओठ कोरडे पडले होते. तेव्हा मला त्याची दया आली, हे मी लपवत नाही. तरी मी बसले नाही. मी जिना चढले. वकिलाने सांगितलं मागच्या बाकावर बसा, पुढे येऊ नका.

जजसाहेब वेगळे होते, वयाने मोठे. बँकेचा वकील बोलला, मग आमचा बोलला. आमच्या वकिलाच्या बोलण्यात 'ओल्ड लेडी' दोन-तीनदा आलं. साहेबांनी कागद उलटले आणि विचारलं की त्या कुठे आहेत, घरी का. वकील आपले कागद चाळू लागला. मी उभी राहिले.

"मी इथे आहे, साहेब," असं मी चुकून मराठीतच म्हटलं, मग हिंदीत म्हटलं. पुढे या म्हणाले. मी गेले.

"आपका ऑपरेशन हुआ था?"

"नहीं, साहब. मैं तो चलती हूँ."

साहेबांनी आमच्या वकिलाकडे पाहिलंसुद्धा नाही.

"और समय दें तो पैसा भर सकेंगे आप लोग?"

"नहीं भर सकेंगे. पिछली बार भी नहीं था. मैंने झूठ बोला था."

मागे मुलगा 'आई' म्हणाला, एवढंच. साहेब थोडा वेळ लिहीत राहिले. मग हिंदीत म्हणाले, मला कळावं म्हणून असेल, की ज्याने दोनदा दिलेली मुदत पाळली नाही त्याला कोर्ट तिसऱ्यांदा देऊ शकत नाही, बँकेचा पैसाही लोकांचाच असतो. आमचा अर्ज फेटाळला. पण पंधरा दिवस दिले. तेवढ्यात कोणी घेणारा आणलात तर स्वतः विका, पैसे सरळ बँकेत जातील, नाहीतर पंधरा दिवसांनी बँक ताबा घेईल. मला अजून वाटतं, तीन वेळांतली खरी मदत तेवढीच होती. ती पहिल्या दिवशी मिळाली असती तर बावीस लाख उरले असते. पण पहिल्या दिवशी मी खोटं बोलले होते, आणि साहेबांनी माझ्यावर विश्वास ठेवला होता.

वकील जिन्यात म्हणाला, "माताजी, सोने जैसा केस था." त्याने पुढची फी मात्र आधीच घेतलेली होती.

त्याच संध्याकाळी मी शेववाल्याकडे गेले. भट्टी चालू होती, त्याने मला आत बसवलं, चहा दिला. मी सांगितलं, बासष्ट राहू दे, पंचावन्न दे.

त्याने पंच्याने कपाळ पुसलं. "काकीजी, बुरा मत मानना. बासठ तब था. अब बैंक बेचेगी, तो मैं नीलामी से लूँगा. सस्ता पड़ेगा. धंधा है."

"माझ्या हातात काही पडणार नाही त्यात."

"जानता हूँ," तो म्हणाला. त्याने मान खाली घातली, पण भाव वाढवला नाही. त्याला मी दोष देत नाही. मीही त्याच्याकडून शेव घेताना मूठभर जास्त टाकायला लावत असे.

पंधरा दिवसांत दलालांनी चार माणसं आणली. सगळ्यांना तारीख माहीत होती. येऊन भिंतींवर टिचक्या मारायचे, तिसरा मजला बेकायदा आहे म्हणायचे, चाळीस सांगायचे आणि जायचे. चाळिसात बँकसुद्धा फिटत नव्हती.

सोळाव्या दिवशी तहसीलदार आला, दोन महिला पोलीस आल्या, बँकेची माणसं आली. मी आदल्या दिवशीच स्वयंपाकघर बांधून ठेवलं होतं. सामान एका टेम्पोत बसलं. एवढ्या वर्षांचा संसार एका टेम्पोत बसतो हे पाहून मला जरा लाज वाटली. पोलिसांतल्या एकीने माझा पिठाचा डबा उचलून ठेवला, जड होता. कागदावर मी सही केली. कुलूप लावून त्यावर लाख लावली. मुलगा तेव्हा म्हणाला, त्या पोलीस बाईसमोर, "तू गप्प बसली असतीस तर आपण आत्ता आत असतो."

हे खरं आहे. आत असतो. दोन महिने, फार तर चार.

पहिल्या लिलावाला कोणी आलं नाही. दुसऱ्या वेळी किंमत उतरवली आणि शेववाल्याने घर शेहेचाळीस लाखांना घेतलं. तोवर बँकेचा आकडा, आमचे आठ लाख वळते करूनही, व्याज, दंडव्याज आणि कोर्ट-लिलावाच्या खर्चासकट एकोणपन्नास झाला होता. म्हणजे घरही गेलं आणि तीन लाख अजून देणं आहे. त्याचं पत्र येतं. आता आम्ही उत्तर देतो, सून लिहिते, की सध्या शक्य नाही.

आम्ही रेल्वे लाइनच्या पलीकडे दोन खोल्या भाड्याने घेतल्या आहेत. सुनेच्या शाळेची बस लांब पडते म्हणून ती पहाटे उठते. मुलगा बावन्न वर्षांचा आहे. काही महिने तो एका कपड्याच्या दुकानात होता, तिथून सोडलं. माझ्याशी तो कामापुरतं बोलतो, पाणी गेलं का, गॅस कधी संपला. शेववाल्याने तिसरा मजला पाडला, परवाना काढला आणि खालच्या खोल्या यात्रेकरूंना सुरू केल्या. त्याने निरोप पाठवला की भैया को बोलो मॅनेजरी संभाल ले, पंधरा हजार देतो, घर का कोना कोना उसको मालूम है. माझ्या मते चांगलं होतं. मी मुलाला तसं सांगितलं.

"माझ्याच घरात नोकर?"

"घर त्याचं आहे. पगार तुझा असेल."

"लिलाव चुकीचा झालाय," तो म्हणाला. "भाव पाडून विकलंय. वकिलाशी बोलणं झालंय. लिलाव रद्द होऊ शकतो. कोर्ट अशा केसमध्ये ऐकतं."

तोच वकील. दोन दिवसांनी कागद आला, तोही इंग्रजीत. ह्या वेळी मी सुनेकडून ओळ न् ओळ वाचून घेतली. वय, विधवा, दुसरं घर नाही, सहानुभूतीने विचार व्हावा. खोटं काही नव्हतं त्यात. फी वीस हजार, ती सुनेच्या पगारातून जाणार होती. सून वाचून झाल्यावर म्हणाली, "आई, ह्यातून काही होणार नाही, हे तुम्हांलाही कळतं." मी म्हटलं, कळतं.

आठ दिवस मी सही केली नाही. आठ दिवस मुलगा माझ्या हातचं जेवला नाही. बाहेरून काही खाऊन यायचा किंवा नुसताच यायचा. भांडला नाही, ओरडला नाही. संध्याकाळी खाटेवर बसून तो कागद मांडीवर ठेवायचा आणि वाचायचा, जसा काही त्यात रोज नवं लिहिलेलं असतं. पहिल्या मुदतीच्या वेळी त्याचा चेहरा जसा झाला होता तसा तो मला त्या कागदावर वाकलेला असतानाच दिसायचा, एरवी नाही. मी विचार केला, हा काढून घेतला तर ह्याच्याजवळ दिवसभर करायला काय आहे. शेववाल्याकडे तो जाणार नाही. दुकान नाही. माझ्यापुढे किती वर्षं आहेत, आणि मी गेल्यावर ह्याचा राग कोणावर निघेल, सुनेवरच ना.

नवव्या दिवशी मी चष्मा मागितला आणि सही केली. त्याने कागद उचलला, फुंकर घालून शाई वाळवली आणि त्या रात्री दोन पोळ्या जास्त खाल्ल्या. सून ताटं उचलून मोरीत गेली आणि बराच वेळ नळ सोडून उभी राहिली.

पुढच्या महिन्यात इंदूरला पेशी आहे. मला यावं लागेल असं वकिलाने सांगितलं आहे.